‘सोडून द्या’ कोणी कोणाला म्हणायचं?

॥ श्री सद्गुरवे नमः ॥



या वेळी ‘घर आणि शेजार’ या विषयावर काहीतरी लिहा, असं सेवाकेंद्रातून सांगितलं, तेव्हा मी लगेच हो म्हटलं. वाटलं, सलोख्यावर चार चांगली वाक्यं लिहू, दोन सुविचार घालू, झालं. पण लिहायला बसले आणि आमच्या मागच्या गल्लीतल्या काकू डोळ्यांसमोर आल्या. त्यांच्याबद्दल लिहायचं तर आधी माझी स्वतःची चूक सांगायला हवी. म्हणून लेख जरा लांबला आहे. एका बैठकीत वाचून झाला नाही तरी चालेल, पण घरातल्या सगळ्यांनी मिळून वाचा, ही विनंती.

*आमची सोसायटी*

आमची सोसायटी ३२ टेनामेंटची, १९८२ साली नोंदलेली. बाहेरगावच्या वाचकांसाठी सांगते, टेनामेंट म्हणजे ओळीनं बांधलेली छोटी घरं, प्रत्येकाला आपलं अंगण आणि आपलं कंपाउंड. घराच्या बाजूला आणि मागे काही फूट जागा मोकळी सोडावी लागते, तिला इकडे सगळे ‘मार्जिन’ म्हणतात. मधोमध सगळ्यांचा मिळून कॉमन प्लॉट. बांधकामाच्या परवानगीला इथे रजाचिठ्ठी म्हणतात. तिच्याबरोबर जो मंजूर नकाशा येतो, त्यात ही मार्जिन कोरी असते.

नकाशात कोरी. प्रत्यक्षात आज आमच्या ३२ घरांपैकी किती घरांची मार्जिन कोरी आहे, ते मी एकदा फिरून मोजलं. सात! कुणी गाडीसाठी पत्रे टाकले, कुणी धुणं-भांड्याची मोरी काढली, कुणी खोली बांधली. जी सात उरली आहेत त्यांतली दोन घरं तर बंदच असतात.

२०१४ मध्ये काकूंच्या शेजारच्या भाईंनी मुलाच्या लग्नाआधी मार्जिनमध्ये खोली काढली. खाली खोली, वर स्लॅब, थेट कंपाउंडच्या भिंतीला टेकून. काकूंच्या स्वयंपाकघराची खिडकी नेमकी त्याच बाजूला. काकू १९८४ पासून त्या घरात राहतात. तीस वर्षं त्या खिडकीतून सकाळचं ऊन ओट्यावर यायचं. त्या उन्हात त्या दूध तापवायच्या, भाजी निवडायच्या, वह्या तपासायच्या (प्राथमिक शाळेत शिक्षिका होत्या). खोली झाली आणि दिवसाही दिवा लावावा लागू लागला.

काकू आधी भाईंकडे गेल्या. ‘लग्न होऊ द्या, मग बघू’ असं उत्तर मिळालं. मग सोसायटीच्या सर्वसाधारण सभेत विषय मांडला. तिथे सगळ्यांनी छताकडे बघितलं. कारण उघड आहे, ज्याच्या त्याच्या मार्जिनमध्ये काही ना काही होतंच. उलट आधीच्या कमिटीनं भाईंना ना-हरकत पत्र देऊन टाकलं होतं, हेही तिथेच कळलं. मग काकूंनी महापालिकेत अर्ज केला. महापालिका कायद्याच्या कलम २६० खाली भाईंना नोटीस आली. भाई दिवाणी कोर्टात गेले, मनाई हुकूम घेऊन आले. काकूंनी सोसायटीच्या ना-हरकत पत्राविरुद्ध वेगळी तक्रार केली. आमच्या गुजरातच्या सहकार कायद्यात कलम ९६ आहे, सभासद आणि सोसायटी यांच्यातला तंटा बोर्ड ऑफ नॉमिनीजसमोर चालतो. महाराष्ट्रात हेच काम कलम ९१ खाली सहकार न्यायालय करतं. एका खिडकीसाठी तीन ठिकाणी तारखा सुरू झाल्या.

*माझा सुविचार*

२०१९ ची गोष्ट. आपल्या महिला सत्संगाच्या ग्रुपवर काकू पण आहेत. एकदा तारखेला जाऊन आल्यावर त्यांनी ग्रुपवर लिहिलं, ‘आजही काही झालं नाही.’ एवढंच. मी लगेच क्षमेवरचा एक सुंदर सुविचार टाकला, फुलांचं चित्र लावून. खाली माझ्या मनाचं एक वाक्यही जोडलं, ‘काकू, या वयात कशाला कोर्टकचेरी, सोडून द्या, मन हलकं होईल.’ त्यावर अठ्ठावीस जणींनी हात जोडले. मला बरं वाटलं.

गुरुवारी आरतीनंतर काकू माझ्याजवळ आल्या. रागावल्या नव्हत्या. म्हणाल्या, “अगं, सोडायला माझ्या हातात आहे काय? जे होतं ते त्यांनी घेतलं. सोडायचं असेल तर ते सोडू शकतात. तू त्यांना टाकलास का हा सुविचार?”

मी नव्हता टाकला. भाई आमच्या ग्रुपवर नाहीत हे खरं, पण रोज सकाळी फाटकाशी ‘जय श्रीकृष्ण’ होतं. पाच वर्षांत एकदाही त्यांना म्हटलं नव्हतं की भाई, काकूंची खिडकी बंद झाली हो. ज्याच्याकडून गेलं त्याला त्याग शिकवला आणि ज्यानं घेतलं त्याला हसून नमस्कार केला. यालाच मी सलोखा समजत होते.

त्या रात्री झोप लागली नाही. आणि खरं कारण वेगळंच होतं. ते पुढे सांगते.

*जागा माझी, मग तक्रार कसली?*

भाई वाईट माणूस नाहीत, हे मला आवर्जून लिहायचं आहे. दोन खोल्यांचं घर, मुलाचं लग्न, गावात जागेचे भाव असे की दुसरं घर घेणं शक्यच नाही. त्यांचं म्हणणं साधं होतं, ‘प्लॉट माझा, पैसे माझे, काकूंच्या जागेत एक वीट तरी ठेवली का मी?’

आपल्यापैकी बहुतेकांना हे पटेल. मलाही पटत होतं. पण नीट विचार केला तर मार्जिनची गंमत इथेच आहे. ती जागा कागदावर माझी आहे. पण ती मोकळी ठेवायची आहे ती फक्त माझ्यासाठी नाही. माझ्या मोकळ्या जागेतून शेजाऱ्याला ऊन मिळतं, त्याच्या मोकळ्या जागेतून मला वारा. आग लागली तर बंबवाले त्याच पट्टीतून मागे जाणार. म्हणजे जमिनीची मालकी माझी, पण तिच्या मोकळेपणात शेजाऱ्याचा वाटा आहे. मी तिथे भिंत घातली तर माझ्या जागेत बसून मी त्याचा वाटा उचलला.

कायद्यालाही हे फार पूर्वीपासून माहीत आहे. १८८२ चा सुविधाधिकाराचा कायदा सांगतो की एखाद्या घराला वीस वर्षं अखंड, शांतपणे उजेड आणि हवा मिळत आली असेल तर तो त्या घराचा हक्क होऊ शकतो. काकूंना तीस वर्षं झाली होती. त्यांच्या वकिलांनी हाच मुद्दा मांडला.

माझं माहेर बेळगाव जिल्ह्यातलं, खानापूरकडचं. वडिलांची थोडी शेती होती. आमच्याकडे कुणाची सगळ्यात मोठी निंदा करायची तर ‘तो बांध कोरणारा आहे’ असं म्हणत. नांगरताना दरवर्षी बोटभर बांध आपल्या बाजूला कोरायचा. एका वर्षात कुणाच्या लक्षात येत नाही. दहा वर्षांनी शेजाऱ्याचा एक तास कमी झालेला असतो. वडील म्हणायचे, चोर रात्री येतो म्हणून त्याला निदान भीती तरी असते, बांध कोरणारा भर उन्हात बैलांना हाका मारत कोरतो.

आपण साधनेत यम शिकतो, त्यात अहिंसा आणि सत्यानंतर तिसरा येतो अस्तेय. चोरी न करणं. मला नेहमी वाटायचं, या एका बाबतीत तरी मी पास आहे, कुणाचा रुपया कधी घेतला नाही. पण चोरी रुपयाचीच होते का? ऊन, वारा, वाट, शांतता, हे कुणी पेटीत ठेवत नाही, म्हणून ते घेतल्याचं आपल्याला कळतही नाही. ज्याचं जातं त्याला मात्र रोज सकाळी कळतं.

*माझी खोली*

आता ते रात्रीचं कारण. आमच्या घराच्या मागच्या मार्जिनमध्ये आठ बाय दहाची खोली होती. १९९९ मध्ये बांधली. सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या, वरच्या मजल्यावर चढवणं शक्य नव्हतं, म्हणून खाली एक खोली आणि त्यातच बाथरूम. परवानगी घेतली नाही. कोण घेत होतं? सात वर्षं त्यांची सेवा त्या खोलीत झाली. २००६ मध्ये त्या गेल्या. खोली राहिली. मग तिच्यात दिवाळीचे डबे, मुलाची सायकल, जुनी गादी, रिकामा सिलिंडर.

काकूंशी बोलणं झालं आणि माझ्या पहिल्यांदा मनात आलं, आपल्या खोलीनं कुणाचं काय गेलं असेल? वीस वर्षांत हा प्रश्न सुचलाच नव्हता. पाठीमागच्या घरात एक बेन राहतात. आमचं उठणं-बसणं आहे, उत्तरायणाला एकमेकींकडे चिक्की जाते. धीर करून एक दिवस त्यांना विचारलं.

त्या आधी ‘छोडो ने’ म्हणाल्या. मी पुन्हा विचारलं. मग गुजरातीत हळूच सांगितलं, त्यांच्या मागच्या पडवीत दुपारचा वारा यायचा, उन्हाळ्यात त्या तिथेच झोपायच्या. आमची खोली झाल्यापासून तिथे झोपता येत नाही.

“मग बोलला का नाहीत?”

“तुमच्या सासूबाई आजारी होत्या. आजारी माणसाच्या खोलीला नाही कसं म्हणायचं?”

“आणि त्या गेल्यावर?”

“वाटलं, आता तुम्हीच काढाल.”

वाचकहो, तेरा वर्षं एक बाई वाट बघत होती आणि मला वाटत होतं की आमचे संबंध किती छान आहेत. तिच्या गप्प बसण्याला मी तिची संमती समजले होते.

या एका संभाषणातून मला जे कळलं ते असं. गरज असताना घेतलेलं आणि गरज संपल्यावर ठेवलेलं, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. १९९९ मध्येही आम्ही विचारायला हवं होतं, पण तेव्हा निदान एक आजारी जीव होता. २००६ नंतर तिथे फक्त आमची सवय होती. आणि आजारपणाचं पुण्य पुढे करून ती सवय आम्ही झाकत होतो.

*‘सगळेच करतात’*

घरी विषय काढला तेव्हा आमच्या ह्यांनी विचारलं, “सोसायटीत पंचवीस जणांनी केलंय. आपण एकट्यानं पाडून काय होणार?” खरं सांगायचं तर माझ्याकडे उत्तर नव्हतं. मग मुलानं पुण्याहून काही निकालांची माहिती पाठवली. आपल्या लोकांना उपयोगी पडेल म्हणून थोडक्यात देते.

मुंबईतल्या प्रतिभा को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटीच्या ३६ मजली इमारतीत परवानगीपेक्षा जास्त बांधकाम झालं होतं, चोवीस हजार चौरस फुटांहून अधिक. महापालिकेनं वरचे आठ मजले पाडायला सांगितले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९९१ मध्ये तो आदेश कायम राहिला.

दुसरं वरळीच्या कॅम्पा कोला कंपाउंडचं. तिथे १९८० च्या दशकात सात इमारती झाल्या. मंजुरी पाच मजल्यांची, आणि एक इमारत तर वीस मजल्यांपर्यंत गेली. माणसं घरं घेऊन राहू लागली, मुलं मोठी झाली. पंचवीस-तीस वर्षांनी, २०१३ मध्ये, सर्वोच्च न्यायालयानं ते मजले अनधिकृत ठरवले. रहिवाशांच्या सोसायट्यांनी सांगितलं की चूक बिल्डरची. न्यायालयानं नोंदवलं की घरं घेणाऱ्यांनाही मंजुरी नाही हे ठाऊक होतं. २०१४ मध्ये त्या मजल्यांची वीज, पाणी, गॅस तोडला गेला. तिथल्या आज्ज्यांचे रडतानाचे चेहरे टीव्हीवर पाहून मीही रडले होते. पण रडणं खरं असलं तरी आपण घेताना डोळे मिटले होते, हेही खरंच असतं.

आणि १७ डिसेंबर २०२४ ला, मेरठच्या एका प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा स्पष्ट केलं की खूप वर्षं झाली, खूप पैसा घातला, किंवा अधिकाऱ्यांनी दुर्लक्ष केलं, एवढ्यावरून बेकायदा बांधकाम कायदेशीर होत नाही. ‘त्याला चालू दिलं मग मला का नाही’ हा युक्तिवादही बेकायदा गोष्टीत चालत नाही, हे तर न्यायालयं वारंवार सांगत आली आहेत.

मला यात कायद्यापेक्षा धर्माची गोष्ट जास्त दिसते. पंचवीस जणांनी केल्यानं माझी चूक पंचविसाव्या हिश्शाची होत नाही. माझ्या बेनचा वारा सगळ्या सोसायटीनं मिळून अडवला नव्हता. तो फक्त माझ्या खोलीनं अडवला होता.

*फी भरली की झालं?*

२०२२ मध्ये आमच्या राज्यात अनधिकृत बांधकाम नियमित करण्याचा कायदा पुन्हा आला. २००१ आणि २०११ मध्येही आला होता. लोक त्याला ‘इम्पॅक्ट फी’ म्हणून ओळखतात. १ ऑक्टोबर २०२२ च्या आधीचं बांधकाम असेल, सरकारी जागेवर किंवा तळ्या-ओढ्यावर नसेल, सुरक्षेच्या अटीत बसत असेल, तर ठरलेली फी भरून ते नियमित करून घेता येत होतं. हे म्हणाले, “बघ, सरकारनंच वाट दिली. अर्ज करू, फी भरू, विषय संपला.”

मी या कायद्याला नावं ठेवत नाही. लाखो घरं पाडणं शक्यही नाही आणि दयाळूपणाचंही नाही. कित्येक गरीब कुटुंबांना त्यानं रात्रीची झोप दिली. पण माझा प्रश्न वेगळा होता. फी कुणाला मिळणार? महापालिकेला. वारा कुणाचा गेला? बेनचा. मी एकीचं घेतलं आणि पैसे दुसरीकडे भरले, यात माझा हिशेब कसा मिटला? मंजुरीचा कागद महापालिका देऊ शकते. क्षमा फक्त ज्याचं गेलं तोच देऊ शकतो.

आणि इथेही एक मर्यादा आहे. बेन मला त्यांच्या वाऱ्याबद्दल क्षमा करू शकतात. पण बंबाची वाट मी अडवली असेल तर ती क्षमा त्या एकट्या देऊ शकत नाहीत. तिथे उद्या कुणाचा जीव अडकेल हे कुणालाच माहीत नाही. २४ मे २०१९ ला सुरतला तक्षशिला आर्केडमध्ये आग लागली. वर गच्चीवर उभारलेल्या मजल्यावर मुलांचा क्लास चालत होता. २२ तरुण जीव गेले. खिडक्यांतून उड्या टाकणारी ती मुलं आपण सगळ्यांनी मोबाइलवर पाहिली. तो मजला चढत होता तेव्हाही कुणीतरी म्हटलंच असेल, जाऊ दे ना, आपल्याला काय करायचंय. जे बांधकाम जिवावर बेतू शकतं, त्याच्याबाबत ‘सोडून द्या’ म्हणायचा अधिकार शेजाऱ्यालाही नाही, कमिटीलाही नाही.

*ज्याचे हात मळलेले, त्यानं बोलायचं की नाही?*

आता सगळ्यात अवघड प्रश्न. काकूंच्या प्रकरणात भाईंच्या वकिलांनी सोसायटीतल्या सगळ्या घरांचे फोटो दाखल केले. त्यात आमच्या खोलीचाही होता. म्हणणं हे, की ‘सगळेच दोषी आहेत, मग आमच्याकडेच बोट का?’ त्या दिवसापासून सोसायटी एकदम चिडीचूप. काकूंच्या बाजूनं खरं सांगायला कुणी तयार नाही.

आपल्यात म्हणतात, आधी स्वतःला सुधारा, मग दुसऱ्याला सांगा. हे बरोबर आहे. पण याचाच आधार घेऊन आपण कायमचे गप्प बसू शकतो. स्वतः सुधारायचं नाही आणि ‘मी कोण बोलणारी?’ म्हणून नम्र दिसायचं. अशानं काकू एकट्याच राहतात आणि आपली सगळ्यांची अंगणं झाकलेलीच राहतात. मला वाटतं, याला नम्रता म्हणता येणार नाही. आपण एकमेकांचं झाकून ठेवायचं ठरवलेलं असतं, एवढंच.

सहकार शब्दाचा अर्थ हा नाही. आपल्या वडोदऱ्यात १८८९ मध्ये विठ्ठल लक्ष्मण कवठेकर यांनी ‘अन्योन्य सहकारी मंडळी’ काढली. देशातल्या सहकाराच्या अगदी पहिल्या प्रयत्नांत तिचं नाव घेतात आणि आपण मराठी माणसं ते अभिमानानं सांगतो. अन्योन्य म्हणजे एकमेकांसाठी. एकमेकांच्या अडचणीला उभं राहण्यासाठी ती काढली होती. आमच्या सोसायटीच्या नावातही ‘सहकारी’ आहे. पण आमचं अन्योन्य उलटं झालं होतं, तू माझं झाक, मी तुझं झाकतो.

म्हणून मी ठरवलं की दोन्ही गोष्टी बरोबरच करायच्या. खोली काढायची आणि काकूंच्या बाजूनं खरंही सांगायचं.

सोपं गेलं नाही. ह्यांची हरकत खरी होती, ‘उद्या आपल्याला गुडघ्यानं जिना चढता आला नाही तर खालचं बाथरूम लागेल.’ मग जिन्याखालच्या कोठीघरातून जागा काढून लहान बाथरूम घरातच केलं. २०२३ च्या उन्हाळ्यात खोली पाडली. दोन्ही मिळून खर्च आमच्या बजेटबाहेर गेला, त्या वर्षीची यात्रा रद्द केली. भिंत पडली तेव्हा सासूबाईंची खोली म्हणून मला रडू आलं. ह्यांनी काहीच म्हटलं नाही, मात्र संध्याकाळी स्वतः झाडू घेऊन बेनच्या बाजूचा सिमेंटचा चुरा झाडून काढला.

नंतर मी लेखी निवेदन दिलं की काकूंच्या खिडकीत पूर्वी ऊन येत असे, मी स्वतः पाहिलं आहे. त्यात आमच्याही मार्जिनमध्ये खोली होती, हे लिहिलं. त्यानंतर भाई माझ्याशी बोलत नाहीत. फाटकाशी ‘जय श्रीकृष्ण’ बंद झालं. मी रोज म्हणते, ते मान फिरवतात. मला त्याचं वाईट वाटतं. त्यांची सून तर माझ्या मुलीसारखी आहे आणि ती खोली तिची आहे, हेही मी विसरू शकत नाही.

काकूंचा निकाल? अजून नाही. मधली दोन वर्षं कोविडमध्ये गेली. आता गुडघे धरतात म्हणून त्या बहुतेक दिवस मुलीकडे इंदूरला असतात. तारीख असली की येतात. त्यांचं आता असं म्हणणं आहे की सगळी खोली नको पाडू देत, खिडकीसमोरचा तेवढा भाग मोकळा करू देत. दोन्ही वकिलांत बोलणं चालू आहे. भाई मानतील का, माहीत नाही.

*कोर्टात जाणं म्हणजे द्वेष का?*

सत्संगातल्या एका ताईंनी विचारलं होतं, साधकानं कोर्टात जावं का? मला वाटतं, प्रश्न कोर्टाचा नाही, मनाचा आहे. काकू तारखेहून परतताना भाईंच्या नातवासाठी पार्लेजीचा पुडा आणायच्या, हे मी पाहिलं आहे. आणि कोर्टाचं तोंड न पाहिलेली, पण शेजाऱ्याचं नाव काढलं की तोंड कडू करणारी माणसंही पाहिली आहेत. आपला वाटा मागणं म्हणजे वैर नव्हे. ज्याच्याविरुद्ध आपण उभे आहोत त्यालाही आपलं म्हणणं मांडायची पूर्ण संधी मिळावी, असं वाटणं हा धर्मच आहे. नोटीस, सुनावणी, मुदत या सगळ्या गोष्टी त्यासाठीच असतात. त्या लांबतात म्हणून आपण चिडतो, पण आपल्यावर वेळ आली की आपल्यालाही त्याच लागतात.

क्षमा मोठीच आहे. पण क्षमा करायला आधी समोरच्यानं चूक मान्य करावी लागते किंवा निदान आपल्याला ‘नाही’ म्हणायची ताकद असावी लागते. जिला ‘नाही’ म्हणायची सोयच ठेवली नाही, तिच्या गप्प बसण्याला क्षमा म्हणून तिची आरती ओवाळू नये.

*आपण काय करू शकतो*

१) आपल्या घराचा मंजूर नकाशा काढून बघा. बऱ्याच घरांत तो कुणी पाहिलेलाच नसतो.

२) मोकळ्या जागेत आपलं काही असेल तर शेजाऱ्याला स्वतः जाऊन विचारा, ‘याचा तुम्हाला त्रास होतो का?’ एकदा विचारून थांबू नका. पहिलं उत्तर नेहमी ‘नाही हो’ असंच येतं.

३) खरी गरज असेल तर आधी परवानगी घ्या. गरज संपली की जागा मोकळी करा.

४) नवीन घर घेताना रजाचिठ्ठी, नकाशा आणि वापर परवाना पाहिल्याशिवाय पैसे देऊ नका. तुमच्या राज्यात या कागदांची नावं वेगळी असतील, पण कागद असतातच.

५) कमिटीत असाल तर एकाच्या सोयीसाठी ना-हरकत देण्याआधी त्याच्या शेजाऱ्याला बोलवा.

६) आग, वीज, जिना, बंबाची वाट यांत तडजोड नाही.

७) कुणी तक्रार घेऊन उभं राहिलं तर त्याला सुविचार पाठवण्याआधी दुसऱ्या बाजूच्या दारात जाऊन या.

एक शेवटचं. आमच्या कॉमन प्लॉटवर आपल्या गुरुवारच्या सत्संगासाठी पत्र्याची शेड आहे. सहा वर्षांपूर्वी दोन महिन्यांसाठी म्हणून घातली होती. तिथे मुलं क्रिकेट खेळायची, आता रस्त्यावर खेळतात. देवाचं काम आहे म्हणून कुणी बोलत नाही. पण बेनही माझ्या सासूबाईंच्या आजारपणामुळे बोलल्या नव्हत्या. शेड काढून दर गुरुवारी कापडी मांडव घालायचा आणि रात्री उतरवायचा, असा प्रस्ताव मी पुढच्या सेवा बैठकीत मांडणार आहे. मांडव घालायला-उतरवायला माणसं लागतील. ज्यांना जमेल त्यांनी मला कळवावं.

परवा दुपारी बेनच्या पडवीवरून गेले. त्या चटईवर झोपल्या होत्या, तोंडावर पदर होता आणि तो वाऱ्यानं हलत होता. मी हाक मारली नाही.

चूकभूल द्यावी घ्यावी. कुणाचं मन दुखावलं असेल तर क्षमा मागते 🙏

आपली,
एक सेविका, वडोदरा